बुडालेल्या भूमीचा उतारा

फेब्रुवारी २०२५ मध्ये भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या पाण्याखालील पुरातत्त्व शाखेने द्वारकेच्या किनाऱ्याजवळ पुन्हा शोध हाती घेतला आणि एका जुन्याच वादाला नवी धार चढली. आमच्या बेळगावच्या सीमाभागात व्याख्यानमालांची परंपरा मोठी आहे, शिवाय कडोली, उचगाव, येळ्ळूर अशा गावांतून मराठी साहित्य संमेलने भरतात. अशा ठिकाणी भोजनाच्या पंगतीत हा विषय निघाला की बघता बघता दोन तट पडतात. पहिल्या तटाचे म्हणणे असे की समुद्रात भिंती सापडल्या, तेव्हा महाभारत हा इतिहास असल्याचे सिद्ध झाले. दुसऱ्या तटाच्या मते या साऱ्या भाकडकथा असून त्यांच्यामागे पाणबुडे पाठवणे हा सरकारी पैशाचा अपव्यय आहे. दोघेही तावातावाने बोलतात आणि दोघांनीही एकच गोष्ट गृहीत धरलेली असते की कथेखाली जमीन सापडली तर ती खरी, नाही तर खोटी. माझा आक्षेप या गृहीतकालाच आहे. बुडालेल्या भूमीची कथा म्हणजे जमिनीचा उतारा नव्हे. जमिनीविषयीचा दावा जमिनीनेच सिद्ध केला पाहिजे आणि कथेचे मोल कथा म्हणूनच ठरले पाहिजे. या दोन दप्तरांची सरमिसळ केली की पुरातत्त्वाचेही नुकसान होते आणि पुराणाचेही.

श्रद्धावंतांच्या बाजूचा सर्वांत बळकट मुद्दा आधी मान्य करतो. लोककथांत खऱ्या घटनांची स्मृती टिकून राहते आणि कधीकधी ती विस्मयकारक काळ टिकते. ख्रिस्तपूर्व ३७३ मधील हिवाळ्याच्या एका रात्री भूकंप होऊन कोरिंथच्या आखाताकाठचे हेलिके नगर पाण्यात गेले, असे प्राचीन ग्रीक लेखक सांगत आले होते. ते नगर खरोखर होते. ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्यावरील आदिवासी आपल्या पूर्वजांच्या काळी समुद्र आत घुसून कोणती भूमी गिळून बसला हे आजही स्थळांसह सांगतात आणि हिमयुग सरल्यानंतर समुद्राची पातळी कशी चढत गेली याच्याशी त्यातील बऱ्याच कथा जुळतात, असे पॅट्रिक नन आणि निकोलस रीड या अभ्यासकांनी दाखवले आहे. तसे असेल तर त्या कथा सात हजार वर्षांहून जुन्या ठरतात. तेव्हा ‘कथा आहे, म्हणजे खोटी आहे’ हे विधान बुद्धिवादी म्हणवणाऱ्यांनी सोडून दिलेले बरे.

मात्र ही उदाहरणे जरा बारकाईने पाहावीत. हेलिकेचा शोध अनेक वर्षे समुद्राच्या तळाशी घेतला गेला, कारण ग्रंथ तसे सांगत असल्याचा समज होता. अवशेष मिळाले ते २००१ मध्ये, किनाऱ्यालगतच्या मैदानात, जुन्या खाजणाच्या गाळाखाली. म्हणजे कथेने शोधाला निघायला प्रवृत्त केले, परंतु जागा दाखवली ती गाळाने. ऑस्ट्रेलियातील कथांचेही तसेच आहे. वीस हजार वर्षांपूर्वी समुद्राची पातळी आजच्यापेक्षा सुमारे १२० मीटर खाली होती, हे कथांवरून नव्हे, प्रवाळ आणि गाळाच्या थरांवरून कळले. ते कळल्यानंतरच कथांशी ताळा पाहता आला. आणि ज्या कथांचा ताळा जमत नाही त्यांची यादी कोण ठेवतो? समुद्रात बुडाल्याचे सांगितल्या जाणाऱ्या अटलांटिस बेटाच्या नावाने भूमध्य समुद्रापासून अटलांटिकपर्यंत किती जागा सुचवल्या गेल्या याची गणती नाही, आणि ही कथा सांगितली मुळात एकट्या प्लेटोने, तीही आदर्श राज्य आणि गर्विष्ठ राज्य यांच्यातील भेद पटवण्यासाठी.

द्वारकेकडे याच नजरेने पाहावे. १९८० च्या दशकात पुरातत्त्वज्ञ डॉ. एस. आर. राव यांच्या नेतृत्वाखाली तेथे समुद्रतळाची पाहणी झाली. दगडी बांधकामाचे अवशेष आणि छिद्रे पाडलेले दगडी नांगर मोठ्या संख्येने मिळाले, बेट द्वारकेत उत्तर हडप्पा काळाची तीन मस्तकांच्या प्राण्याची शंखाची मुद्रा मिळाली. या किनाऱ्यावर फार जुने बंदर होते, एवढे त्यावरून खात्रीने म्हणता येते, आणि ते काही थोडे नाही. परंतु नांगर आणि भिंती नेमक्या कोणत्या शतकातल्या याबद्दल पाण्याखाली काम केलेल्या संशोधकांतच मतभेद आहेत. त्यांतील काहींनी बराचसा ऐवज पुढच्या ऐतिहासिक काळातला मानला. २००१ मध्ये खंभातच्या आखातात ‘नगर’ सापडल्याची घोषणा झाली तेव्हा तर लाकडाच्या एका तुकड्याचे वय सुमारे साडेनऊ हजार वर्षे निघाले एवढ्यावर संस्कृतीचे वय ठरवले गेले. तो तुकडा उत्खननातून थराथराने नव्हे, समुद्रतळ खरवडून वर आला होता. ज्या आखातात भरती-ओहोटीचा जोर एवढा विलक्षण, तिथे लाकूड कुठून वाहत आले हे कोण सांगणार?

या सगळ्या गदारोळात महाभारतातले मौसलपर्व मात्र कोणी उघडत नाही. तिथे द्वारका समुद्रामुळे नष्ट होत नाही. यादव प्रभासक्षेत्री एरका गवताने एकमेकांना ठार मारतात, कुळ संपते, अर्जुन उरलेल्या स्त्रिया, मुले आणि वृद्धांना घेऊन निघतो आणि ते जो जो भाग मागे सोडतात तो तो समुद्र व्यापत जातो. नगर आधीच आतून गेलेले असते; समुद्र केवळ रिकामी जागा ताब्यात घेतो. भाऊबंदकीत बुडालेल्या सत्तेची एवढी भेदक गोष्ट हाताशी असताना आपण भांडतो ते नांगराच्या छिद्रांवरून. उद्या तिथे एकही भिंत निघाली नाही, तर मौसलपर्वाचे एक अक्षरही उणे होणार आहे काय?

दुसरा आक्षेप विज्ञानाच्या कारभारावर आहे आणि तोही वजनदार आहे. विज्ञानानेच बुडालेली खंडे रचली नाहीत काय? रचली. १८६४ मध्ये फिलिप स्क्लेटर या इंग्रज प्राणिशास्त्रज्ञाला प्रश्न पडला की लीमर आणि त्यांचे नातलग प्राणी मादागास्करमध्ये आहेत, भारताकडेही आहेत, मग मधल्या अफाट समुद्राचे काय? त्याने उत्तर दिले की पूर्वी तिथे जमीन होती, आणि त्या जमिनीला लेमुरिया असे नाव दिले. जर्मनीचा जीवशास्त्रज्ञ हेकेल तर मानवजातीचा उगमही तिथेच शोधू लागला. खंडे जागची हलत नाहीत अशी तेव्हाची ठाम समजूत असल्याने खंड बुडाले असे मानण्यावाचून त्यांना गत्यंतर नव्हते. पुढे थिऑसफी या गूढवादी पंथाच्या लोकांनी लेमुरिया उचलून त्यात अद्भुत मानववंश वसवले. आणि तमिळ विद्वानांना आपल्या प्राचीन वाङ्मयातील समुद्राने गिळलेल्या पह्रुळी नदीचे आणि कुमारीच्या प्रदेशाचे उल्लेख या ‘शास्त्रीय’ खंडाशी जोडता आले. तमिळांची बुडालेली मूळ भूमी म्हणून कुमारीखंडम् शाळकरी पुस्तकांपर्यंत पोहोचले. आल्फ्रेड वेगेनरने १९१२ मध्ये खंडे सरकतात असे मांडले तेव्हा त्याची टर उडवली गेली, आणि तो १९३० मध्ये ग्रीनलँडच्या बर्फात मरण पावला तोवर भूशास्त्रातल्या बहुतेक मातब्बरांनी त्याला मान्यता दिलेली नव्हती. आजचे थोतांड उद्याचे शास्त्र कशावरून होणार नाही, असे जो विचारतो त्याच्या हाती हे उदाहरण असते.

पण त्याचा शेवट सांगायचा राहून जातो. १९६० च्या दशकात समुद्रतळाचे विस्तारणे मोजता आले आणि लेमुरियाची गरजच संपली. मादागास्कर आणि भारत एकेकाळी चिकटलेलेच होते आणि सुमारे ९ कोटी वर्षांपूर्वी विलग झाले. लीमरांनाही पूल लागला नाही; त्यांचे पूर्वज नंतर आफ्रिकेकडून समुद्र ओलांडून मादागास्करला पोहोचले, असे आज मानले जाते. ज्या शास्त्राने लेमुरिया जन्माला घातला त्यानेच तो मोडीत काढला. याहूनही गमतीची गोष्ट २०१३ मध्ये पुढे आली. मॉरिशसचा ज्वालामुखी खडक जेमतेम ९० लाख वर्षांचा, परंतु तिथल्या किनाऱ्यावरील वाळूत झिरकॉन या खनिजाचे कण मिळाले ते कोट्यवधी वर्षांनी जुने, काही तर जवळजवळ २०० कोटी वर्षांचे. बेटाखाली प्राचीन खंडाचा तुकडा दडलेला असल्याखेरीज ते वर येणे शक्य नाही, असा निष्कर्ष निघाला आणि त्या तुकड्याला मॉरिशिया हे नाव मिळाले. म्हणजे भारत आणि मादागास्कर यांच्यामधली जमीन खरोखरच बुडालेली आहे! यावरून कुमारीखंड खरे ठरले असे सांगणारेही निघाले. मात्र तो तुकडा बुडाला तेव्हा पृथ्वीवर माणूस नव्हता, मग त्याची आठवण ठेवली कोणी? नाव, दिशा आणि समुद्र जुळले. काळ कोट्यवधी वर्षांनी चुकला. एवढी चूक असताना जुळले म्हणणे हे पत्रिका जुळवणाऱ्या भटजींनाही मंजूर होणार नाही.

निसर्गाच्या बुडालेल्या भूमी आपल्या आठवणींशी बांधलेल्या नसतात, हे समजायला बेळगावहून फार लांब जायला नको. गोकाकपासून सौंदत्ती-बदामीपर्यंत जो तांबूस वालुकाश्म पसरला आहे त्याच्या काही थरांवर हात फिरवला तर बोटांना लाटांच्या वळ्या लागतात, ओहोटीनंतर ओल्या पुळणीवर उमटतात तशा समांतर, बारीक. कोट्यवधी वर्षांपूर्वी इथे उथळ पाणी होते त्याची ही खूण. गोकाकचा धबधबा ५२ मीटर खाली कोसळतो तो याच खडकावरून. आपल्या जिल्ह्यात एक अख्खा समुद्र हरवला आहे, आणि तो खरा होता याबद्दल कुणालाही शंका नाही, कुणाची अस्मिताही त्यात गुंतलेली नाही. मग द्वारकेबाबत तरी पुराव्याचे माप वेगळे का लावावे?

तिसरा आक्षेप भावनेचा आहे आणि तो केवळ भावनेचा म्हणून झटकून टाकता येत नाही. ज्यांच्या भाषेला, जातीला, प्रदेशाला वर्तमानात कमी लेखले गेले त्यांना हरवलेल्या वैभवाची कथा ताठ उभे राहायला आधार देते. कुमारीखंडाने तमिळ माणसाला तो दिला, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण हा आधार मालकी हक्काच्या भाषेत बोलू लागला की काय होते, ते परशुरामाच्या कथेवरून पाहावे. ही कथा आमच्या घरची आहे. परशुरामाची आई रेणुका ही सौंदत्तीच्या डोंगरावरची यल्लम्मा. त्या तालुक्याचे जुने नावच परसगड. मलप्रभेवरील नवलतीर्थ धरणाच्या जलाशयाला रेणुकासागर म्हणतात. घाट उतरून खाली गेले की त्याच परशुरामाने बाण मारून समुद्र हटवलेली कोकणची भूमी लागते. ही कथा ‘ही भूमी मुळात अमक्यांची’ असे सांगण्यासाठी कितीदा वापरली गेली! वास्तविक कथा काय सांगते? परशुरामाने जिंकलेली सारी पृथ्वी कश्यपाला दान दिली. दान दिलेल्या भूमीवर राहणे योग्य नव्हते, म्हणून त्याला समुद्राकडे जागा मागावी लागली. ही भूमिहीन झालेल्या दात्याची कथा आहे. तिचा मालकी हक्कासाठी उपयोग करणे म्हणजे तिला डोक्यावर उभे करणे. आणि भूशास्त्राच्या कसोटीवर घासायचीच म्हटली तर तीही पंचाईत आहे, कारण एकोणिसाव्या शतकात मुंबईत प्रिन्सेस डॉक खणताना भरतीच्या पातळीच्या खाली खैराच्या झाडांचे उभे बुंधे मिळाले. त्या जागी तरी समुद्र हटला नव्हता. तो जंगलावर चढून आला होता.

आपले पूर्वज या बाबतीत आपल्यापेक्षा अधिक शहाणे होते असे मला वाटते, आणि त्याचा दाखला खानापूर तालुक्यातल्या हलशीला मिळतो. हलशी म्हणजे कदंब राजघराण्याची पलाशिका. तिथल्या भूवराह नरसिंह मंदिरात समोरासमोर दोन गाभारे आहेत आणि त्यांतील एकात वराह पृथ्वीला पाण्यातून वर उचलून उभा आहे. बुडालेल्या भूमीची याहून मोठी कथा कोणती? तिथे एखादे बेट किंवा नगर नव्हे, सगळी पृथ्वीच बुडाली होती. याच हलशीत पाचव्या-सहाव्या शतकांतील कदंब राजांचे ताम्रपट मिळाले. त्यांतील एकात काकुस्थवर्मा आपल्या श्रुतकीर्ती नावाच्या सेनापतीला शेत देतो, आणि देताना गावाचे नाव सांगतो, शेताचे नाव सांगतो. बदामीच्या चालुक्यांचे तर राजचिन्हच वराह. त्यांच्या ताम्रपटांच्या आरंभी समुद्र घुसळून काढणाऱ्या आणि उजव्या सुळ्यावर भुवन पेलणाऱ्या वराहाची स्तुती येते, पण ती आरंभीच येते आणि तिथेच थांबते. त्यानंतर गाव, दान घेणारा, साक्षी, दान हिरावून घेणाऱ्याला शाप असा चोख कारभार असतो. बदामीच्या तिसऱ्या लेण्यात एका भिंतीवर भूदेवीला उचलणारा वराह कोरला आहे आणि त्याच लेण्यात मंगलेशाचा शके ५००, म्हणजे इ. स. ५७८ चा लेख लंजिगेसर नावाचे गाव नेमके कशासाठी दिले ते नोंदवतो. वराहाने पृथ्वी वर काढली, सबब अमुक शेत आमचे, असे लिहिणारा लेखनिक त्या काळी नोकरीवर टिकला नसता.

हे मी आमच्या सीमाभागात बसून लिहितो आहे, म्हणून एक अप्रिय गोष्ट टाळता येत नाही. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेपासून इथला मराठी माणूस महाराष्ट्रात सामील होण्याच्या ज्या प्रश्नासाठी लढतो आहे त्यातही दोन्हीकडून हरवलेल्या भूमी पुढे केल्या जातात. कन्नड बाजू नवव्या शतकातील कविराजमार्ग या कन्नड ग्रंथाचा हवाला देते, ज्यात कन्नड नाडू कावेरीपासून गोदावरीपर्यंत सांगितला आहे, आणि अस्सल कन्नडच्या केंद्रस्थानांत आपल्याच जिल्ह्यातील ओक्कुंदही येते. मराठी बाजूचे वक्ते यादवांपासून पेशवाईपर्यंतचे नकाशे उलगडतात. या न्यायाने गोदावरीकाठचे नाशिक कर्नाटकाला द्यावे लागेल आणि गोमटेश्वराच्या पायाशी मराठी ओळ कोरली आहे म्हणून श्रवणबेळगोळ महाराष्ट्राला! कोणी म्हणेल की समोरचा कविराजमार्ग दाखवतो, मग आम्ही गप्प बसायचे काय? गप्प बसू नये. पण त्याच्या मैदानावर जाऊन खेळूही नये. खेडे हा घटक, भौगोलिक सलगता, भाषिक बहुसंख्या आणि लोकेच्छा ही चार सूत्रे महाराष्ट्राने मांडली, सीमाप्रश्नावर नेमलेल्या महाजन आयोगाच्या १९६७ च्या अहवालाला विरोध केला तोही याच सूत्रांवर बोट ठेवून. आणि २००४ पासून दावा सर्वोच्च न्यायालयात आहे. ही सारी सूत्रे आज जिवंत असलेल्या माणसांविषयी आहेत. येळ्ळूरच्या शेतकऱ्याला त्याच्या भाषेत उतारा मिळावा ही मागणी देवगिरीच्या यादवांवाचूनही न्याय्य आहे, किंबहुना यादवांना मध्ये आणले की ती दुबळी होते.

मग पाण्याखाली शोध घेऊच नये काय? अवश्य घ्यावा, फक्त निकाल आधी ठरवून घेऊ नये. १९३१ मध्ये उत्तर समुद्रात ‘कॉलिंडा’ नावाच्या मासेमारी जहाजाच्या जाळ्यात पीटचा, म्हणजे दलदलीतल्या कुजलेल्या वनस्पतींचा, एक गोळा आला आणि त्यात शिंगापासून घडवलेले काटेरी भाल्याचे पाते निघाले. ब्रिटन आणि युरोप यांना जोडणारी, माणसांनी वसवलेली अख्खी भूमी त्या समुद्राखाली आहे हे अशा वस्तूंवरून हळूहळू उलगडत गेले. तिला डॉगरलँड म्हणतात. तिच्याविषयी ना महाकाव्य होते, ना कुणाचा दावा, आणि म्हणूनच असेल, तिचे संशोधन भांडणांवाचून पार पडले.

आणि जे शतकांपूर्वी बुडाले त्यासाठी एवढी ऊर्जा खर्चणारे आपण, डोळ्यांदेखत बुडालेल्या भूमीचे काय करतो? १९२१ मध्ये मुळशीच्या मावळ्यांनी सेनापती बापटांसोबत सत्याग्रह केला, तरी खोरे पाण्याखाली गेलेच. कोयनेच्या शिवसागरात गावे गेली. अलमट्टीच्या पाण्याने जुन्या बागलकोटचा मोठा भाग घेतला आणि नवनगर वसवावे लागले. आमच्या हुक्केरी तालुक्यात घटप्रभेवर हिडकल धरण उभे राहिले आणि हुन्नूरचे विठ्ठल मंदिर जलाशयात गेले. उन्हाळ्यात पाणी खाली गेले की आधी शिखर, मग चिखलाने माखलेल्या भिंती उघड्या पडतात, लोक दर्शनाला जातात, भ्रमणध्वनीवर चित्रे काढतात, आणि पाऊस लागला की विषय संपतो. धरणे नकोत असे मी म्हणत नाही. गोकाक-रायबागकडचा ऊस ज्या पाण्यावर उभा आहे ते कुठून आले हे मला ठाऊक आहे. पण या बुडीत गावांतील शिवारांची नावे, विहिरींची नावे, वाटा, जत्रेचा मार्ग, कोणाचे घर कोणाच्या घराला लागून होते, यांची नोंद कुठल्या ग्रंथालयात मिळते? महसुली मोजणीचे नकाशे मुंबई इलाख्याच्या काळापासूनचे आहेत, नुकसानभरपाईची कागदपत्रे आहेत, फक्त त्यांवरची माणसे कोणी लिहून ठेवलेली नाहीत. या कामाला पाणबुडे लागत नाहीत. वह्या, आवाज मुद्रित करणारी साधने आणि कन्नड-मराठी दोन्ही येणारी मुले लागतात, आणि ती बेळगावच्या महाविद्यालयांतून हवी तितकी मिळतील. गाव सोडताना जे जाणते होते ते आता सत्तरीच्या पुढे गेले आहेत, त्यामुळे हे काम येत्या उन्हाळ्यातच हाती घ्यायला हवे.